जास्तीच्या अक्षराची सिस्टर

तिचं नाव इथे लिहायची सोय नाही. लिहिलं असतं, पण छापखान्यात कुणी ना कुणी शहाणा बसलेलाच असतो. तो ते नाव बघून मनाशी हसणार, मधलं अक्षर गाळणार आणि आपण एका बाईवर उपकार केले अशा समाधानात चहा प्यायला जाणार. आजवर हेच होत आलंय. लग्नपत्रिकेत झालं, मतदार यादीत झालं, बँकेच्या पासबुकावर तर दोनदा झालं. तेव्हा या गोष्टीपुरतं तिला नुसतं सिस्टर म्हणू. बाळंतपणाच्या वॉर्डात एकतीस वर्षं काढलेल्या बाईला तसंही दुसऱ्या नावाने हाक मारणारं कोण उरतं? घरी नवरासुद्धा सिस्टरच म्हणतो, आणि तो काही लाडाने म्हणत नाही.

नाव मुळात साधं. पहाट असा अर्थ असलेलं, तीन अक्षरांचं, दर चार घरांमागे एका घरात सापडणारं. सिस्टरच्या नावात मात्र मध्येच एक चौथं अक्षर होतं. जन्मल्यापासून होतं. वाचणाऱ्याच्या जिभेला तिथे जराशी ठेच लागायची, तो मागे जायचा, पुन्हा वाचायचा आणि विचारायचा, "हे असं कसं?" सिस्टर म्हणायची, "असंच आहे." पुढे कुणी काही विचारलं तर तिच्याकडे वेळ नसायचा.

हे चौथं अक्षर गावातल्या चाळीसेक पोरींच्या नावात कसं शिरलं, तेही सांगायला हवं. कारण सिस्टरने कुणालाही कधी म्हटलं नव्हतं की माझं नाव ठेवा. वॉर्डात आठ खाटा. खिडक्या उंचावर, भिंती कोऱ्या, आणि घड्याळ खाटांच्या डोक्याकडच्या भिंतीवर, म्हणजे झोपलेल्या बाईला ते दिसायचंच नाही. कळ आली की बाई डोळे घट्ट मिटून घेते आणि श्वास कोंडते. सिस्टरला ते चालत नसे. ती खाटेवर वाकायची, छातीवरचा पत्र्याचा बिल्ला बाईच्या डोळ्यांसमोर आणायची आणि म्हणायची, "डोळे मिटायचे नाहीत. हे वाच. एकेक अक्षर, एकेक श्वास. घाई नाही, तुझी काही गाडी सुटत नाहीये." बाई वाचायची. वाचता न येणारीला सिस्टर अक्षरावर बोट ठेवून म्हणून दाखवायची. आता कळ म्हणजे काय तीन श्वासांत आटपणारी गोष्ट आहे? तीन श्वास झाले तरी ती थोडी उरतेच. तिथे ते जास्तीचं अक्षर उपयोगी पडायचं.

नवे डॉक्टर आले की आधी हसायचे. मग महिनाभराने त्यांच्यातलाच कुणीतरी हळूच म्हणायचा, "सिस्टर, तीन नंबरची ऐकत नाहीये, जरा तुमचं ते वाचन घ्या."

तासन् तास एकच नाव वाचलेल्या बाईच्या डोक्यात ते असं बसायचं की मुलगी झाली की तेच नाव, आणि तेही बिल्ल्यावर होतं तसंच, चारही अक्षरांसकट. महिन्या दोन महिन्यांनी लस टोचायला आलेली एखादी आई सांगायची, "सिस्टर, तुमचंच ठेवलं हं." सिस्टर वरवर म्हणायची, "दुसरं नाव नाही मिळालं का?" आणि ती गेली की चादरींचं कपाट उघडून दाराच्या आतल्या बाजूला पेन्सिलीने एक रेघ ओढायची. पोटातून बरं वाटायचं तिला. असल्या गोष्टीचं बरं वाटणं कुणाला दिसू नये म्हणून दाराची आतली बाजू.

बायका अर्थ विचारायच्या. तोही तिच्याकडे तयार होता. सहा वर्षांची असताना तिने तो बापाला विचारला होता. बाप पेंटर, दुकानांचे बोर्ड रंगवणारा. त्याने ब्रश न थांबवता सांगितलं होतं, "पहाट सगळ्यांचीच होते, पोरी. तुझी जरा जास्त वेळ टिकते. ते अक्षर त्याच्यासाठी." सिस्टर हे खाटेवरच्या बाईला अगदी असंच सांगायची. त्या वेळेला ते ऐकून बाईच्या चेहऱ्यावर जे यायचं ते औषधाने येत नाही.

आता कागदपत्रांचं. जन्माच्या नोंदीत चार अक्षरं होती. पहिलीत घालताना मास्तरांनी त्यातलं एक काढून टाकलं. पेंटर भांडायला शाळेत गेला तर मास्तर म्हणाले, "आता शाई वाळली." शाई वाळणं म्हणजे काय हे पेंटरला कुणी सांगायला नको होतं. तो तसाच परत आला. मग दहावी, नर्सिंग, सगळी प्रमाणपत्रं तीन अक्षरांची. नोकरीला लागताना वयाचा पुरावा म्हणून जन्माचा दाखला जोडला, म्हणून नोकरीच्या पुस्तकात पुन्हा चार. बिल्ला तर बापानेच रंगवून दिलेला. पांढऱ्यावर निळी अक्षरं, दर दोन वर्षांनी नव्याने हात फिरवलेली. एकतीस वर्षं कुणाचं काही अडलं नाही. ज्या कारकुनाला जे सापडलं ते त्याने लिहिलं.

आणि मग कंप्यूटर आला, आणि त्याच्या मागोमाग फायलीसाहेब आले. कचेरीचे हे नवे साहेब फाइल काखेत घेऊन जेवायला जातात, म्हणून वॉर्डबॉयनी त्यांना ते नाव दिलं होतं. ते नाव मात्र कुणी लिहिताना चुकत नसे. माणूस वाईट नव्हता. वाईट माणसाशी भांडणं सोपं असतं.

एका सोमवारी त्यांनी सिस्टरला बोलावलं. त्यांच्या टेबलासमोर चार खुर्च्या ओळीने मांडलेल्या असायच्या, गादीच्या, आणि त्यातल्या तीन कायम रिकाम्या.

"बसा, सिस्टर. तुमच्या दोन नावांमुळे कंप्यूटर तुम्हाला दोन बायका समजतोय."

"काम दोघींचं करतेय, तेव्हा त्याचं फारसं काही चुकलं नाही."

साहेब हसले. मग त्यांनी फाइल उघडली. वॉर्डच्या इन्चार्ज सिस्टर महिनाअखेरीला निवृत्त होत होत्या आणि सेवाज्येष्ठतेने ती जागा सिस्टरची होती. पण दोन नावांच्या बाईला बढती देता येत नव्हती. रस्ते दोनच. एक म्हणजे साहेबांनी टाइप करून ठेवलेला कागद: "माझ्या जन्मनोंदीतील नाव लेखनदोषाने चुकीचे लिहिले गेले असून ते रद्द समजावे." खाली सही केली की दोन दिवसांत काम फत्ते. दुसरा रस्ता उलटा, म्हणजे शाळेपासूनची सगळी प्रमाणपत्रं चार अक्षरांची करून आणायची.

"त्याला किती दिवस लागतील?"

"सहा महिने."

"सरकारी काम आणि सहा महिने थांब असं नुसतं म्हणतात असं मला वाटायचं."

"तोवर जागा रिकामी ठेवता येणार नाही. ती तुमच्यानंतरच्या, धाकट्या सिस्टरना जाईल. शुक्रवारपर्यंत सही द्या. तुम्ही समजूतदार आहात."

समजूतदार म्हटलं की समोरच्याला काय हवं असतं हे सिस्टरला चांगलं कळत होतं. तरी तिने कागद घडी करून पिशवीत टाकला. कारण खरं सांगायचं तर तिला ती जागा हवी होती. मानाबिनासाठी नव्हे. तिला खुर्च्या हव्या होत्या. वॉर्डात प्रत्येक बाईबरोबर घरची एक बाई राहू द्यायचे, आई किंवा बहीण किंवा सासू, पण बसायला काही द्यायचे नाहीत. "खुर्ची दिली की बसतात आणि बसल्या की उठत नाहीत," असं इन्चार्जबाईंचं म्हणणं. पंधरा पंधरा तास त्या बायका भिंतीला पाठ लावून उभ्या. पाय सुजायचे, मग कुणीतरी पेशंटच्याच खाटेच्या कडेला टेकायची आणि ओरडा खायची. सिस्टर वीस वर्षं मागत होती, आठ खाटांना आठ खुर्च्या. त्या इन्चार्जच्या सहीनेच मिळायच्या. एका सहीच्या बदल्यात दुसरी सही, असा तो व्यवहार होता.

बुधवारी दुपारी वॉर्डच्या दाराशी एक आजी येऊन उभी राहिली. कोपऱ्यावर इस्त्रीचं टेबल लावणारी, सिस्टरचे युनिफॉर्मही तीच करायची. बरोबर आठ वर्षांची नात. नातीच्या हातात वही.

"सिस्टरबाई, ही तुमचीच," आजी म्हणाली, "म्हणजे आमचीच, पण नाव तुमचं. इथलीच पैदास, याच वॉर्डातली. दाखव गं वही."

वहीवर पोरीने निळ्या शाईने चार अक्षरं लिहिली होती आणि त्यातल्या मधल्यावर कुणीतरी लाल शाईने काट मारली होती. पानं उलटली. प्रत्येक पानावर तेच. पोर प्रत्येक वेळी चार लिहीत होती आणि शाळेतल्या बाई प्रत्येक वेळी एक काटत होत्या. पालथ्या घड्यावर पाणी, पण घडा दोन्हीकडे.

"बाई म्हणतात, असं नाव नसतंच," आजी सांगत होती. "म्हणतात, याला अर्थ नाही, आणि हजेरीच्या रकान्यात मावतपण नाही. मला काय कळतंय त्यातलं, मी माणसांचे कपडे सरळ करते. तुमच्यावरून ठेवलंय, तर तुम्हीच चिठ्ठी द्या, की बरोबर आहे म्हणून. दवाखान्याच्या कागदावर द्या, म्हणजे वजन पडतं."

सिस्टरने खिशातलं पेन काढलं, टोपण काढलं, आणि तिला पिशवीतला कागद आठवला. आज चिठ्ठी द्यायची की बरोबर आहे, आणि शुक्रवारी सही करायची की लेखनदोष आहे. दोन डगरींवर पाय ठेवायची तिला सवय नव्हती. तिने टोपण परत लावलं.

"शुक्रवारी या, आजी."

पोरगी तिच्याकडे निरखून बघत होती. "तुम्हालापण शाळेत लाल करायचे?"

"हो."

"मग तुम्ही काय केलं?"

"शाळेत तीन लिहायचे. बाहेर चार."

पोरीने जरा विचार केला. "म्हणजे दोन्ही चालतं?"

 सिस्टरला चार नंबरच्या खाटेवरून हाक आल्यासारखं वाटलं आणि ती आत गेली. चार नंबरची बाई गाढ झोपली होती.

घरी नवऱ्याने सगळं ऐकून घेतलं. तो बस डेपोत मेकॅनिक, कुठल्याही गोष्टीकडे सुटे भाग म्हणून बघायचा. "एक अक्षर जाईल, आठ खुर्च्या येतील," तो म्हणाला. "मला तर यात काही वाईट दिसत नाही. सही कर आणि मोकळी हो, सिस्टर." त्याचं म्हणणं तिला पटत होतं, हीच तर पंचाईत होती.

तिने ठरवलं, निदान अर्थ नीट लिहून घेऊ. कुठल्या पोथीतला, कुठल्या पुस्तकातला, असं काही बापाला विचारून. म्हणजे साहेबांना तोंडावर सांगता येईल आणि शाळेच्या बाईंनाही. पेंटर आता चौऱ्याऐंशी वर्षांचा होता आणि लेकीकडेच राहायचा. मागच्या खोलीत खिडकीशी बसून तो ब्रश धुवायचा. वापरायचा नाही, नुसता धुवायचा.

"बाबा, माझ्या नावातल्या त्या अक्षराचा अर्थ तुम्हाला कुणी सांगितला होता?"

"कुणी नाही. मीच सांगितला."

"म्हणजे?"

"तू विचारलास, मी सांगितला. सहा वर्षांच्या पोरीला काय सांगणार होतो, बोर्डावर जागा उरली होती म्हणून?"

 पेंटरने ब्रश फडक्याला पुसला आणि जणू कालचीच गोष्ट असावी तसं सगळं सांगितलं. बोर्ड रंगवायचा म्हणजे आधी दोन्ही टोकांची अक्षरं काढायची, म्हणजे कडा सारख्या राहतात, आणि मग मधली भरत आणायची. त्या दिवशी तो स्वतःच्या दुकानाचा बोर्ड करत होता, पहिल्याच दुकानाचा. मुलगी झाली असा निरोप आला. नाव बायकोने आधीच ठरवून ठेवलं होतं. पेंटरने फळी उचलली, ठरवलं की दुकानाला पोरीचंच नाव द्यायचं, आणि आनंदाच्या भरात वीत मोजलीच नाही. आयुष्यात पहिल्यांदा मोजली नाही. टोकाची अक्षरं टोकाला बसली, मधलं मध्ये बसलं, आणि त्याच्या शेजारी ही एवढी मोकळी जागा, दात पडल्यासारखी. वेल काढून बघितली, फूल काढून बघितलं, शोभेना. मग त्याने तिथे एक अक्षर घातलं.

"बोर्डाच्या मापाने तुम्ही माझं नाव ठेवलंत," सिस्टर म्हणाली.

"हो."

"आणि मी एकतीस वर्षं बायकांना सांगतेय की पहाट जास्त वेळ टिकते. कळा देणाऱ्या बायकांना. लाज वाटतेय मला, बाबा."

"त्यांचं काही बिघडलं का त्यानं?"

"घरात टर्पेंटाईन नव्हतं?"

"होतं की. डबाभर होतं." पेंटरने मान वर केली. "चिंधी भिजवली होती मी. हातात घेतली होती. पुसायच्या आधी पाच पावलं मागं जाऊन बघावं लागतं, तसं बघितलं. आणि ते अक्षर तिथं असं बसलं होतं, पोरी, की पुसवेना. म्हटलं, राहू दे. दुसऱ्या दिवशी नाव नोंदवायला गेलो तर तो कारकून तीनच अक्षरं लिहायला लागला. मी म्हटलं, थांबा, आधी माझ्या दुकानावर बघून या."

सिस्टरला इतका संताप आला होता की बापाच्या संध्याकाळच्या चहात ती साखर घालायची विसरली. पेंटरने तो तसाच प्यायला.

गुरुवारी सकाळी दोन नंबरवर एक कोवळी पोर होती, पहिलटकरीण, घाबरून अर्धी झालेली. सिस्टर सवयीने वाकली आणि बिल्ला पुढे धरताना तिला पहिल्यांदाच कसंतरी वाटलं. आज ती अर्थ सांगणार नव्हती. नुसतं म्हणाली, "वाच." पोर वाचू लागली. पहिलं अक्षर, श्वास. दुसरं अक्षर, श्वास. जास्तीच्या अक्षरापाशी नेहमीसारखी ठेच लागली, तिने ते दुसऱ्यांदा म्हटलं, आणि त्या दोन वेळा म्हणण्यात कळ उतरली. तिला कुणी अर्थ सांगितला नव्हता. तिला त्याची गरजही पडली नव्हती.

दिवसभर सिस्टरच्या डोक्यात बापाची ती ओली चिंधी फिरत होती. मोजायला चुकला, ही चूक. पण चिंधी हातात घेऊन, मागे जाऊन, नीट बघून ज्याने ठेवलं, त्याला चूक कसं म्हणायचं? ते तर ठरवून केलं. दुपारपर्यंत तिचा राग बापावरून उठून दुसरीकडे जाऊन बसला होता.

शुक्रवारी ती कचेरीत गेली तेव्हा सहा नंबरची बाई सकाळपासून कळा देत होती आणि तिची म्हातारी आई भिंतीला पाठ लावून उभी होती, हे सांगून ठेवायला हवं.

तिने तो कागद साहेबांच्या टेबलावर ठेवला. सहीची जागा कोरी होती.

"यावर मी सही करणार नाही," ती म्हणाली.

"का?"

"यात लेखनदोष म्हटलंय. तो नव्हता."

साहेबांनी पेन हातात घेतलं. माणूस वाईट नव्हता, म्हटलं ना. "बरं, मग त्या अक्षराचा अर्थ सांगा. मी वर लिहून बघतो, काही सवलत मिळते का."

"अर्थ काही नाही. बोर्डावर जागा उरली होती."

"म्हणजे चूकच की, सिस्टर."

"झाली तेव्हा चूक होती. मग वडिलांनी बघितली आणि ठेवून घेतली. साहेब, आमच्या वॉर्डात जन्मलेली निम्मी पोरं काही ठरवून आलेली नाहीत. आली, आणि आईबापांनी ठेवून घेतली. त्यांच्या कपाळावर लेखनदोष लिहायचा का?"

साहेबांना यावर नियम सापडला नाही. त्यांनी फाइल उघडली, मिटली. "जागा जाईल हो तुमची. एवढ्याशा अक्षरापायी?"

"एवढंसंच आहे तर ते तुम्हाला एवढं का खुपतंय?" सिस्टरचा आवाज चढला नव्हता. तो चढत नाही, तीस वर्षं कण्हणाऱ्या बायकांच्या शेजारी बोलून तो एकाच पट्टीत बसलाय. "दुसरा अर्ज द्या, सहा महिन्यांचा. मी शाळेत जाते, नर्सिंग कौन्सिलला जाते, सगळ्यांची शाई पुन्हा ओली करते. जागा धाकटीला द्या. मीच शिकवलंय तिला, हात चांगला आहे तिचा."

 वीस वर्षं मागितलेल्या खुर्च्या त्या एका वाक्यात गेल्या. साहेबांनी अर्ज काढून दिला. तिने तो घेतला, उठली, आणि ज्या खुर्चीवर ती बसली होती तिच्याकडे आणि शेजारच्या तीन रिकाम्या खुर्च्यांकडे बघत उभी राहिली. मग तिने खुर्ची पाठीला धरून उचलली.

"अहो, हे काय?"

"ही नेते. सहा नंबरची आई सकाळपासून उभी आहे."

"सिस्टर, इन्चार्जच्या सहीशिवाय फर्निचर हलवता येत नाही."

"धाकटी इन्चार्ज झाली की तिला लिहा. ती माझ्याकडे खुलासा मागेल, मी तो तुमच्याकडे पाठवीन. सहा महिने तरी जातील."

खुर्ची जड होती. सिस्टरने ती कमरेवर घेतली, लहान पोर घ्यावं तशी, आणि सगळ्या व्हरांड्यातून, औषधाच्या खिडकीसमोरच्या रांगेतून, दोन डॉक्टरांच्या मधून ती वॉर्डात नेली. म्हातारीला आधी वाटलं, आपल्याला बाहेर काढतायत. सिस्टरने तिच्या खांद्याला धरून तिला बसवलं आणि तिचा हात मुलीच्या हातात दिला. एवढ्या एका खुर्चीसाठी आपण वीस वर्षं कागद का लिहीत बसलो, याचं तिला स्वतःचंच हसू आलं. संध्याकाळच्या आत उरलेल्या तीनही नेल्या तिने. साहेबांनी तेव्हा खाली मान घालून कसलीतरी फाइल वाचायला घेतली होती.

दाराशी इस्त्रीवाली आजी आणि तिची नात थांबल्या होत्या. सिस्टरने टेबलावरून दवाखान्याचा छापील कागद घेतला आणि पोरीला जवळ बोलावलं.

"आधी अर्थ ऐक. खरा सांगते. माझे वडील बोर्ड रंगवायचे. माझं नाव रंगवताना फळीवर जागा उरली, म्हणून त्यांनी एक अक्षर जास्तीचं घातलं. बस. यापेक्षा जास्त काही नाही त्यात. मी तुझ्या आईला वेगळं सांगितलं असेल, ते मलाही तसंच सांगितलं होतं."

पोरगी काही बोलायच्या आत आजी बोलली. "ते फळीचं मला ठाऊक नाही. आणि तुम्ही काय सांगितलं होतं तेही सुनेला आठवत नाही, तिला तेव्हा स्वतःचं नावसुद्धा आठवत नव्हतं. ती एवढंच सांगते, की दोन दिवस अडली होती, डॉक्टरांनी आशा सोडली होती, आणि तुम्ही तिला ते वाचायला लावत होता. ते मधलं अक्षर तोंडात होतं आणि ही बाहेर आली. बरोबर त्या अक्षरावर. आता सांगा, तेच काटतात होय बाई?"

सिस्टरला खाली बसावंसं वाटलं. पण खुर्ची ती स्वतःच देऊन आली होती. ती टेबलाला टेकून उभी राहिली, डोळे कोरडे व्हायची वाट बघितली आणि चिठ्ठी लिहायला घेतली. लिहिलं की या मुलीचं नाव बरोबर आहे, चार अक्षरांचंच आहे, माझंही तेच आहे, आणि या गावात अशा एक्केचाळीस जणी आहेत. ज्यांना शंका असेल त्यांनी वॉर्डात येऊन चादरींचं कपाट उघडून बघावं.

पोरगी टाचा उंचावून वाचत होती. "अजून एक लिहायचं राहिलं."

"काय?"

"रकान्यात मावत नाही म्हणतात ना, त्याचं."

"त्याचं काय लिहू?"

पोरीला त्यात विचार करण्यासारखं काही वाटलं नाही. "रकाना मोठा आखा म्हणून लिहा."

सिस्टरने ते तसंच्या तसं लिहिलं. खाली सही केली. चारही अक्षरं, एकेक.